खालचा भोंगा

लोरेटा पॉमरॉयनं तळघरातल्या, खडकात रोवलेल्या जुन्या सळईचं टोक दातांत धरलं आणि डोळे मिटून घेतले. डोक्यावरच्या खोलीत आयव्हीनं भोंग्याचा दांडा दाबलेला होता. खडकात चारशे फूट खोल गेलेल्या नळातून भोंग्याचा सूर खाली उतरत होता. तो सूर कानाला ऐकू येत नाही, बरगड्यांना कळतो. एक मिनिट वाजवायचं, मग थांबायचं, मग पलीकडून उत्तर येतं. दांडा सुटला तशी लोरेटा मनात आकडे मोजायला लागली. एक झालं. दोन म्हणायच्या आत सळई तिच्या दातांत थरथरली.

एकतीस वर्षांत त्यानं तिला सातच्या आधी कधी उत्तर दिलं नव्हतं.

दुसऱ्याच्या पाळीत सळईला तोंड लावणं म्हणजे दुसऱ्याला आलेलं पत्र फोडून वाचणं. हे तिनंच आयव्हीला पहिल्या दिवशी बजावलं होतं. आणि आज तीच, त्रेसष्ट वर्षांची बाई, नव्यानं बसवलेल्या खुब्यावर भार सांभाळत, रचलेल्या लाकडांच्या मागे उभी राहून चोरून ऐकत होती. कुणी विचारलंच तर भात्याचा पट्टा तपासायला आले होते असं सांगायचं तिनं ठरवून ठेवलं होतं. विचारणारं तिथं कुणी नव्हतं.

दोन मिनिटं दोन्हीकडचे सूर एकत्र धरले गेले. खडक निवला. आणि शेवटी पलीकडच्यानं सूर सोडता सोडता जरासा वर नेला, निघताना दारातून कुणी हात हलवावा तसा. वरच्या खोलीतून आयव्हीचं हसणं ऐकू आलं. लोरेटाच्या अंगाचा तिळपापड झाला.

हॅगर्टीज आर्मच्या खाडीखाली आपलं जग आणि पलीकडचं जग एकमेकांना टेकलेली आहेत. टेकतात त्या जागेला गावात सांधा म्हणतात. पाणी चढता-उतरताना सांध्यावर ताण येतो, दोन्ही जगं एकमेकांना घासतात आणि हादरे बसतात. म्हणून दिवसातून चारदा, पाणी पालटतं त्या घटकेला, इकडून भोंगा वाजवायचा, तिकडून उत्तर येतं, आणि दोन्ही सूर जुळले की खडक शांत होतो. न्यूफाउंडलंडच्या या किनाऱ्यावर धुक्याचे भोंगे सांभाळणारी माणसं पिढ्यान् पिढ्या होतीच, त्यामुळे हा खालचा भोंगाही त्यांच्याच गळ्यात पडला. एकटा सूर मात्र उपयोगाचा नाही. हाकेचं पहिलं मिनिट सांधा सोसतो, पण जुळणी तुटून सूर एकटा पडला तर सांधा शांत होत नाही, उलट चाळवतो.

पलीकडे कोण आहे हे आजवर कुणी पाहिलेलं नाही. त्याला हात आहेत की कल्ले आहेत, हेही कुणाला माहीत नाही. लोरेटा मात्र पहिल्यापासून त्याला ‘तो’ म्हणत आली होती. ‘तो आज उशिरा आला,’ ‘त्याचं आज मन नव्हतं,’ असं ती जेवताना सांगायची आणि तिचा नवरा चेस मटाराच्या सुपात पाव बुडवत म्हणायचा, की त्या खडकाला जेवायलाच बोलाव एकदा, म्हणजे माझंही कुणीतरी ऐकेल.

नोकरीच्या तिसऱ्या वर्षी, एका धुक्याच्या सकाळी, सूर जुळवून झाल्यावर तिनं उगीचच दांडा तीनदा हलका दाबला होता. नियमाच्या पुस्तकात असलं काही नाही. पुढच्या पाळीला त्याच्याकडून तसेच तीन आले. तेव्हापासून रोज, चारही वेळा, तिचे तीन आणि त्याचे तीन. चेसला पुरून आली त्या दुपारी तिनं काळ्या कपड्यांतच दांडा धरला आणि आपले तीन द्यायचे विसरली. त्या दिवशी त्यानं ते आपणहून आधी दिले. हे तिनं कुणालाही सांगितलं नव्हतं.

मार्चमध्ये खुब्याचं ऑपरेशन झालं. सहा आठवडे ती सेंट जॉन्सच्या हॉस्पिटलात पडून होती आणि भोंगा आयव्हीच्या हाती होता. आयव्ही चॅफी ही कॉर्नर ब्रुकची चोवीस वर्षांची मुलगी, तिला लोरेटानंच जायच्या आधी आठवडाभर शिकवलं होतं. एप्रिलच्या मध्यावर लोरेटा परत आली, कोट न काढता दांड्याशी बसली, भोंगा वाजवला, शेवटी आपले तीन दिले आणि सळई दातांत धरून वाट पाहिली. काहीच आलं नाही.

रुसला असेल, असं तिनं धरलं. सहा आठवडे न सांगता गेल्यावर कुणीही रुसेल. तिनं आठवडाभर तीन दिले. उत्तरं येत होती, अगदी नियमाप्रमाणे येत होती, पण परक्या बाईला जागा करून द्यावी तशी अदबीची. मग एकदा आयव्हीच्या पाळीत जिना चढताना तिच्या तळपायांना तो सूर लागला, ती शेवटची वर जाणारी उडी लागली, आणि तिला सगळं उमगलं असं वाटलं. त्या दिवसापासून तिनं तीन देणं बंद केलं. आपणही काही रस्त्यावर पडलेलो नाही, असं तिचं म्हणणं.

आयव्हीचा राग यावा असं आयव्हीत काही नव्हतं, आणि लोरेटाला त्याचाच जास्त राग यायचा. पोरगी लाकडं वर आणून ठेवायची, पावाच्या पिठाचे टाउटन तव्यावर भाजून त्यावर काकवी घालून समोर ठेवायची, ‘मावशी, पाय वर घ्या’ म्हणायची. पाळीची वही नीट ठेवायची. खिडकीच्या काचा पुसायची. लोरेटा टाउटन खायची आणि मनात म्हणायची, की हिला माझं घर दिलं, माझी खुर्ची दिली, तेवढ्यानं हिचं भागलं नाही.

गावालाही वास लागला होता. एकदा दुकानात लेन टोबिननं मिठाची पिशवी बांधता बांधता तिला हटकलं. लेन तिच्याच वयाचा. शाळेत तो तिच्या मागच्या बाकावर बसायचा आणि तेव्हापासून त्याच्या जिभेला हाड नव्हतं.

“काय गं लोरेटा, तुझा पलीकडचा आता तरण्या पोरीला भुलला म्हणे. आयव्ही सांगत होती, दोन मोजायच्या आत हजर होतो.”

“तुझी बायको सात मोजेपर्यंत तरी हजर होते का?” लोरेटा म्हणाली. दुकानातले सगळे हसले, लेन सगळ्यांत जास्त. घरी येईपर्यंत मिठाची पिशवी तिनं इतकी आवळून धरली होती की कागद फाटून तिच्या बाहीत मीठ गेलं होतं.

गुरुवारी सेंट जॉन्सहून साहेब यायचा होता. भोंग्यावर पहिलं वर्ष कच्चं असतं, आणि नव्या माणसाला ठेवायचं की नाही हे जुन्याच्या लेखी शब्दावर ठरतं. रविवारी प्रार्थनेहून आल्यावर लोरेटा कागद घेऊन बसली. ‘मुलगी कष्टाळू आहे,’ तिनं लिहिलं, कारण ते खरंच होतं. पुढे लिहिलं, ‘परंतु नियमाबाहेरचे सूर लावते व पलीकडच्यास तशी सवय लावते.’ हे वाक्य लिहिताना तिला स्वतःचे तीन आठवले. तिनं वाक्य खोडलं नाही.

पण कागद लिहून पोटातलं दुखणं थांबलं नाही. तिला एकदा ते स्वतःला हवं होतं. तो आयव्हीला जसा येतो, तसा आपल्याला आला तर कसं वाटतं, एवढंच एकदा.

मंगळवारी पाणी पालटायची वेळ दुपारी दोन चाळीसची होती आणि पाळी आयव्हीची. दोन वाजता लोरेटा म्हणाली की टिनचं दूध संपलंय, आणि भात्याला लावायचं ग्रीसही घेऊन ये.

“पाळी झाल्यावर जाते ना, मावशी.”

“मी काय मेले का? एकतीस वर्षं कोण वाजवत होतं?”

आयव्हीनं तिच्याकडे एकदा पाहिलं, कोट चढवला आणि गेली. लोरेटानं खिडकीतून ती वळणापलीकडे दिसेनाशी होईपर्यंत वाट पाहिली.

आयव्हीची पद्धत तिला चोरून ऐकून ऐकून पाठ झाली होती. लोरेटा दांडा हळूहळू खाली न्यायची, झोपलेल्याच्या खोलीत शिरावं तशी. आयव्ही तो एकदम पूर्ण दाबायची आणि सोडताना सूर जरासा वर न्यायची. लोरेटानं एकदम दाबला. मिनिटभर धरला, शेवटी आयव्हीसारखा किंचित वर नेऊन सोडला आणि सळई दातांत घेतली. एकसुद्धा मोजून व्हायच्या आत उत्तर आलं. केवढ्या उमेदीनं आलं ते. भरलेलं, अधीर, कुणीतरी दाराशीच उभं असल्यासारखं. लोरेटानं दांडा दाबून सूर जुळवला आणि तिच्या डोळ्यांत पाणी आलं, ते सुखाचं की अपमानाचं हे तिला सांगता आलं नसतं. हे आपल्यासाठी नव्हे, एवढं मात्र तिला पुरतं ठाऊक होतं.

मग तिला राहवेना. दोन मिनिटं धरायची असतात. अर्धं मिनिट होतंय तोच तिनं दांडा उचलला आणि तीन हलके दाब दिले. मी आहे, असं तिला म्हणायचं होतं. ती नव्हे, मी. आता सांग, ओळखतोस की नाही.

पलीकडचा सूर अडखळला, एकदा चाचपडत आला, आणि तुटला.

तिनं घाईनं दांडा परत दाबला. तिथंच चुकलं. तिकडं कुणी नव्हतं आणि तिचा एकटा सूर सांध्यावर जाऊन आदळला. जमीन आधी कुरकुरली, मग हलली. चुलीवरची किटली घसरून खाली आली, खिडकीची एक काच उभी तडकली, खाली खाडीवर सगळे सीगल एकदम उठले. चर्चमधली घंटा आपोआप वाजली. पंधरा-वीस सेकंदांनी पलीकडून सूर आला, घाबरलेला, जोरात, आणि लोरेटानं दोन्ही हातांनी दांडा धरून तो जुळवला. पूर्ण दोन मिनिटं धरला.

आयव्ही चढ धावत आली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता आणि दुधाचे टिन कुठंतरी टाकून आली होती. तिनं आधी लोरेटाला खुर्चीवर नीट बसवलं, खुबा दुखावला का विचारलं, मग फुटकी काच पाहिली, आणि मग दारामागच्या खुंटीवरची टोपली काढली.

हॅगर्टीज आर्ममध्ये रीत अशी आहे, की ज्याच्या पाळीत हादरा बसेल त्यानं टोपली घेऊन घरोघर जायचं आणि जे जे फुटलं असेल ते मागून आणायचं. माफी मागायची नाही, कारणही सांगायचं नाही. घरच्यांनी तुकडे टोपलीत टाकायचे, एक कप चहा द्यायचा, आणि मग ते सगळं धक्क्यावरून पाण्यात सोडायचं. लोरेटानं इतक्या वर्षांत टोपली दोनदाच उचलली होती, तीही पहिलं वर्ष उलटल्यावर. कच्च्या वर्षात टोपली उचलली तो माणूस भोंग्यावर टिकलेला नाही. साहेब मग कागदही वाचत बसत नाही.

“पाळी माझी होती,” आयव्ही म्हणाली. “मी जायलाच नको होतं.”

लोरेटाला एवढंच दिसत होतं, की आता कागद द्यायचीही गरज नाही. पोरगी आपल्या पायांनी चालली होती.

आयव्ही दारापर्यंत गेली आणि थांबली. टोपलीचा कान तिनं दोन्ही हातांनी धरला होता.

“त्याला काय झालं कळत नाही, मावशी. तो असा मध्येच सोडत नाही हो. कधीच नाही. मी त्याला शिकवलंय—” आणि तिनं जीभ चावली.

“तू शिकवलंस?”

आयव्ही टोपलीचे वेत नखानं उचकटायला लागली.

“तू जन्मली नव्हतीस तेव्हापासून तो वाजवतोय. तू काय शिकवलंस त्याला?”

“हा तो नाहीये,” आयव्ही म्हणाली.

मग तिनं सांगितलं, दारातच उभं राहून, टोपलीकडे बघत. लोरेटा हॉस्पिटलात गेल्याच्या पाचव्या दिवशी, दुपारच्या पाळीला, दोन मिनिटं झाली तरी पलीकडच्यानं सूर सोडला नाही. नियमाप्रमाणे आयव्हीनं सोडायला हवा होता. तिला सोडवेना. सूर बारीक होत चालला होता, मध्येच थांबायचा आणि परत यायचा. तिनं धरून ठेवला. घड्याळात अकरा मिनिटं झाली, हात बधिर झाले, भाता गरम झाला. शेवटी पलीकडून तीन हलके दाब आले आणि मग काही आलं नाही. चार पाळ्या ती सळई दातांत धरून नुसती बसून होती. भांगाचे दिवस होते, पाणी फार चढत नव्हतं म्हणून गाव वाचलं. पाचव्या पाळीला कुणीतरी आलं, अगदी कच्चं. त्याला थांबायचं कधी, धरायचं किती, काही येत नव्हतं.

“मलाही कुठं येत होतं? दोघं मिळून शिकलो.”

“वहीत नाही हे.”

“दोन मिनिटांच्या जागी अकरा धरले, मावशी. पहिलाच आठवडा होता. घरी पाठवलं असतं मला.” आयव्हीनं नाक पुसलं. “तुम्ही आलात की सांगणार होते. पण तुम्ही कोटसुद्धा न काढता जाऊन बसलात आणि हसलात. मग नाही सांगवलं.”

लोरेटाची नजर तडकलेल्या काचेवर होती. तिनं विचारलं, “तीन आले, तेव्हा तू काय केलंस?”

“तीन दिले. तुमच्यासारखे, हळू. मला वाटलं, त्याला तुम्हीच हव्या असाल.”

बाहेर कुणीतरी कुणाला हाक मारून विचारत होतं, तुमचं काय काय गेलं. लोरेटा काठीवर जोर देऊन उठली. अकरा मिनिटं, हे तिच्या डोक्यात घुमत होतं. त्या पाचव्या दिवशी दुपारी ती काय करत होती? पलंगावर पडून चमच्यानं लाल जेली खात असेल, शेजारच्या बाईशी नर्सची उणीदुणी काढत असेल. आणि इथं या पोरीनं त्याला अकरा मिनिटं धरलं. दोन महिने ती भलत्याच गोष्टीवर जळत होती. जळायची गोष्ट ही होती, आणि हिच्यापुढे ते दोन महिने पोरखेळ होते. तिला आयव्हीच्या थोबाडीत द्यावीशी वाटली आणि तिचे हात हातात घ्यावेसे वाटले. तिनं दोन्ही केलं नाही.

“आण ती टोपली.”

“पाळी माझी—”

“वाजवला कुणी? मी वाजवला. तुझ्यासारखा वाजवला, आणि मध्येच माझे तीन घातले. बिचारं पोर बावचळलं तिकडं. गुरुवारी साहेबाला मीच सांगेन. तू इथंच थांब. रात्री नऊच्या पाळीला तू बस, त्याला धीर दे. घाबरलंय ते.”

आयव्ही काहीतरी म्हणणार होती, पण लोरेटानं तिच्या हातून टोपली ओढून घेतली आणि उतारावरून चालू लागली. खुबा प्रत्येक पावलाला ठणकत होता.

पहिलं घर लेन टोबिनचं, दुकानाला लागूनच. तो दारातच उभा होता, हातात चहाच्या चिनी मातीच्या भांड्याची नुसती तोटी घेऊन. आईच्या वेळचं भांडं होतं. आयव्हीऐवजी लोरेटाला टोपली घेऊन येताना पाहून त्याच्या भुवया वर गेल्या.

“तू? पोरगी कुठाय?”

“पोरीचा काही संबंध नाही. माझ्या हातून झालं.”

कारण सांगायचं नसतं, हे दोघांनाही माहीत होतं. लेननं तुकडे टोपलीत टाकले, पण जीभ आवरेल तर तो लेन कसला.

“पलीकडच्याशी भांडलीस की काय?”

“तो गेला, लेन,” लोरेटा म्हणाली. “मार्चमध्येच गेला. मला आत्ता कळलं.”

लेन हसायच्या बेतात होता, तो थांबला. त्यानं डोक्यावरची टोपी काढली. मग दार पूर्ण उघडलं, तिच्या हातातली टोपली घेऊन खाली ठेवली आणि चुलीजवळची खुर्ची तिच्यासाठी पुढे ओढली. चेस गेला तेव्हाही त्यानं हेच केलं होतं. त्याच्या बायकोनं न विचारता चहा ओतला, दोन चमचे साखर घातली आणि हळूच आतल्या खोलीत निघून गेली. चहा जसाच्या तसा निवत होता.

“एकटाच होता का गं,” लेननं शेवटी विचारलं, “जाताना?”

लोरेटानं कप उचलला, पुन्हा बशीत ठेवला.

“नाही,” ती म्हणाली. “आयव्ही होती त्याच्याजवळ.”